डोकं चाचपून हुशारी कळते का?

कपाळ मोठं म्हणजे पोरगं हुशार आणि नशीबवान, डोकं मागून चपटं राहिलं म्हणजे लहानपणी कोणी नीट मालिश केली नाही, आणि दहावीला मार्क कमी पडले की "याचा मेंदू गुडघ्यात आहे". डोक्याच्या आकाराचा आणि अकलेचा संबंध आपण येताजाता लावत असतो, घरगुती बोलणं आहे ते, त्यात फार मनाला लावून घेण्यासारखं काही नाही. पण हेच बोलणं कोणीतरी टाय लावून, मशीन मांडून, रंगीत रिपोर्ट छापून आणि वर हजारो रुपये फी घेऊन करायला लागलं की मग जरा बघायला पाहिजे की कवटी म्हणजे नक्की काय असतं, तिच्या आत काय चालतं, आणि गाणं, गणित, भाषा, रस्ते लक्षात राहणं ह्या ज्या क्षमता आपण म्हणतो त्या आत कुठे बसलेल्या असतात, आणि मुळात अशा एका जागी बसलेल्या असतात का.

सुरुवात कवटीपासून करू, कारण ती बाहेरून दिसते आणि सगळा घोळ तिथूनच सुरू होतो.

कवटी हे एक अख्खं हाड नाही. मोठ्या माणसाच्या कवटीत २२ हाडं धरतात, ८ मेंदूच्या भोवतीची आणि १४ चेहऱ्याची. खालचा जबडा सोडला तर बाकी सगळी एकमेकांत अशी घट्ट बसलेली असतात की जोड म्हणजे नुसती नागमोडी रेघ दिसते. तान्ह्या बाळाचं मात्र तसं नसतं. त्याच्या डोक्याची हाडं सुटी असतात, मधे फटी असतात, आणि जिथे हाडं भेटायची बाकी असतात तिथे तो मऊ भाग, आपली टाळू. जन्माच्या वेळी ही हाडं एकमेकांवर थोडी सरकतात म्हणून एवढं मोठं डोकं बाहेर येऊ शकतं, आणि म्हणूनच पहिल्या दिवशी काही बाळांचं डोकं लांबुळकं दिसतं आणि नातेवाईक घाबरतात. ते आपोआप गोल होतं. मागची छोटी टाळू दोनतीन महिन्यांत भरते, पुढची मोठी साधारण दीड वर्षापर्यंत. आपल्याकडे टाळूवर तेल घालतात, टाळू भरली म्हणतात, पण ती तेलाने भरत नाही, हाड वाढून भरते, तेल नाही घातलं तरी भरते. हलक्या हाताने तेल लावलं तर काही बिघडत नाही, दाबू नये एवढंच. आणि जुलाब-उलट्या चालू असताना टाळू खोल गेलेली दिसली तर तो शरीरातलं पाणी कमी झाल्याचा इशारा असतो, तेव्हा तेलाची वाटी ठेवून सरळ डॉक्टर गाठायचा.

आता ह्यातली खरी गंमत म्हणजे कवटी मेंदूला आकार देत नाही, मेंदू कवटीला वाढवतो. जन्मताना मेंदू साधारण ३५० ते ४०० ग्रॅम, मोठ्या माणसाचा १३०० ते १४०० ग्रॅम, आणि सहाव्या वर्षापर्यंतच तो मोठ्यांच्या मेंदूच्या नव्वद टक्क्यांच्या आसपास पोचलेला असतो. म्हणजे शाळेची पहिली इयत्ता सुरू होताना डोक्याची वाढ बरीचशी झालेली असते, आणि तरी पुढची पंधरावीस वर्षं माणूस नवीन गोष्टी शिकतच असतो, हे ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे. तो आत वाढतो, दाब येतो, हाडांच्या फटींशी नवीन हाड तयार होतं, कवटी मोठी होते. म्हणून बाळांचे डॉक्टर दर व्हिजिटला टेप लावून डोक्याचा घेर मोजतात. जन्माला ३४-३५ सेंटीमीटर, वर्षाचं होईपर्यंत ४५-४६ च्या आसपास. घेर फार भराभर वाढला तर आत पाणी साठतंय का बघायचं, फारच हळू वाढला किंवा थांबला तर मेंदूची वाढ थांबली आहे का, की फटी वेळेआधी बंद झाल्यात, ते बघायचं. २०१५-१६ मध्ये ब्राझीलमध्ये झिका व्हायरसमुळे खूप लहान डोक्याची बाळं जन्माला आली तेव्हा ती हुडकायलाही हाच टेप कामाला आला. तेव्हा डोक्याच्या मापाला काहीच अर्थ नाही असं मी म्हणत नाहीये, अगदी टोकाच्या मापांना खूप अर्थ आहे. पण नॉर्मल पट्ट्यातली दोन बाळं शेजारी ठेवून ह्याचं डोकं एक सेंटीमीटर मोठं म्हणून हा पुढे जाऊन इंजिनियर होणार असं काही त्यातून निघत नाही. आणि चपट्या डोक्याचं म्हणाल तर बाळाला पाठीवर झोपवायला सांगायला लागल्यापासून (१९९० च्या दशकापासून, झोपेत अचानक दगावण्याचं प्रमाण कमी व्हावं म्हणून) जगभर मागून चपट्या डोक्याची बाळं वाढली. नुसतं एका कुशीवर किंवा पाठीवर पडून आलेला चपटेपणा असेल तर हाड थोडं बसलेलं असतं, आत मेंदूला जागा तेवढीच असते.

मेंदू आत असा लोंबकळत नसतो, तीन पडद्यांत गुंडाळून पाण्यासारख्या द्रवात तरंगत असतो. हा द्रव एकावेळी साधारण १५० मिलिलिटर, पण त्याच्यामुळे १४०० ग्रॅमच्या मेंदूचं वजन तळावर ५० ग्रॅमच्या आसपासच पडतं, नाहीतर स्वतःच्याच वजनाने तळाचा भाग चेपला गेला असता. जिवंत मेंदू आपल्याला वाटतं त्याच्यापेक्षा खूप मऊ असतो. आपण फोटोत बघतो तो फॉर्मेलिनमधे टाकून घट्ट झालेला. बंगळूरच्या निम्हान्स ह्या मेंदू-मनाच्या आजारांवरच्या सरकारी संस्थेत मेंदूचं म्युझियम आहे, तिथे असा खरा मेंदू हातात घेऊन बघायला मिळतो, कोणी त्या बाजूला जाणार असेल तर नक्की जा, पोरांना घेऊन जा. हेल्मेटचा विषय आता काढला तर पुण्यातले वाचक इथूनच परत जातील, पण तरी सांगतो, कवटी काही मिलिमीटर जाडीची असते आणि कानशिलाजवळ तर खूपच पातळ, आणि आत तो मऊ गोळा मोकळा तरंगतोय, डोकं अचानक थांबलं की तो आतल्या बाजूने कवटीवर आपटतो. बाहेर खरचटलंसुद्धा नाही आणि आत रक्तस्राव, असं होतं ते ह्यामुळे. असो.

तर आता मूळ प्रश्न, बाहेरून चाचपून आतलं कळतं का.

कळतं असं छातीठोकपणे सांगणारा पहिला मोठा माणूस म्हणजे फ्रान्झ योझेफ गाल, जन्म १७५८, जर्मनीतला, व्हिएन्नात डॉक्टरकी करायचा. ह्याला शाळेत असताना दिसलं की ज्यांना पाठांतर पटापट येतं त्या पोरांचे डोळे जरा बाहेर आलेले आहेत. झालं. पुढे आयुष्यभर त्याने तेच केलं, तुरुंगात जा, वेड्यांच्या इस्पितळात जा, नामवंत लोकांची डोकी चाचप, मेलेल्यांच्या कवट्या गोळा कर. त्याचं म्हणणं असं की मनाच्या २७ वेगवेगळ्या शक्ती आहेत, चोरीची इच्छा, मुलांवरचं प्रेम, आकडेमोड, संगीत वगैरे, प्रत्येकीचा मेंदूत वेगळा अवयव आहे, जी शक्ती जास्त तो अवयव मोठा, आणि अवयव मोठा झाला की वरची कवटी तिथे फुगते. म्हणजे डोक्यावरचे उंचवटे हाताने वाचले की माणूस वाचला. व्हिएन्नात त्याच्या व्याख्यानांवर बादशहाने बंदी घातली, धर्माला धोका म्हणून, मग तो पॅरिसला गेला. त्याचा शिष्य श्पुर्त्झहाइम आणि नंतर अमेरिकेतल्या फाउलर बंधूंनी तर याचा धंदाच केला, डोकं दाखवा, चार्ट घेऊन जा, नोकरी कुठली करावी, लग्न कोणाशी करावं. ते पांढरं चिनीमातीचं डोकं ज्याच्यावर कप्पे आखून नावं लिहिलेली असतात आणि जे आता लोक शोपीस म्हणून ठेवतात, ते त्या दुकानदारीतलं आहे.

गालला नुसतं हसून सोडू नये असं मला वाटतं. त्याच्या काळात विचार आत्म्यातून येतो की मेंदूतून यावर वाद चालू होता, आणि हा माणूस ठामपणे म्हणत होता की मेंदूतूनच, आणि मेंदूचे वेगवेगळे भाग वेगवेगळी कामं करतात. हे दोन्ही बरोबर निघालं. चुकलं ते पुढचं. कवटीची बाहेरची बाजू आतल्या बाजूची हुबेहूब नक्कल नसते, हाडाची जाडी जागोजागी बदलते, आणि भुवयांच्या वर जिथे गालच्या मंडळींनी भराभर शक्ती कोंबल्या होत्या तिथे तर कपाळाच्या हाडात चक्क हवेची पोकळी असते, तीच जी सर्दीत ठणकते आणि आपण सायनस झालाय म्हणतो. म्हणजे ज्याच्या कपाळाचा उंचवटा बघून थोर बुद्धी म्हणायचं त्याच्या आत तिथे हवा असू शकते, शब्दशः. शिवाय त्यांची पद्धत अशी की उलटं उदाहरण आलं की पळवाट तयार, चोर सापडला आणि चोरीचा उंचवटा नाही, तर म्हणायचं दुसरी कुठली तरी शक्ती जास्त असेल. असं कधीच चुकू न शकणारं शास्त्र आपल्याकडेही बरंच चालतं, नावं घेत नाही. २०१८ मध्ये ऑक्सफर्डच्या संशोधकांनी गंमत म्हणून पण नीट, साडेपाच हजारांहून जास्त लोकांच्या एमआरआयवरून डोक्याचे उंचवटे मोजले आणि त्या लोकांच्या सवयी-क्षमतांशी ताडून बघितले. काहीही जुळलं नाही.

हसण्यावारी जाणारा भाग इथे संपतो, कारण डोकी मोजायचा हा नाद पुढे माणसांच्या जाती-वंशांवर गेला. फिलाडेल्फियाच्या सॅम्युएल मॉर्टनने १९ व्या शतकात कवट्यांमधे आधी मोहरीसारखं बी आणि नंतर शिशाचे छर्रे भरून कोणाच्या कवटीत किती मावतं ते मोजलं आणि गोरे वर, बाकीचे खाली अशी उतरंड लावली. आपल्याकडे ब्रिटिश अधिकारी हर्बर्ट रिस्ली, १९०१ च्या जनगणनेचा प्रमुख, नाकाच्या रुंदीची मापं घेऊन जातींची प्रतवारी मांडत होता.

आणि इथे आपल्या पुण्याच्या एका बाईंचा प्रसंग येतो जो मराठी शाळांत का शिकवत नाहीत मला कळत नाही. इरावती कर्वे. महाभारतावर लिहिलेलं आपल्यातल्या बऱ्याच जणांनी वाचलेलं असतं, पण १९२० च्या दशकाच्या शेवटी त्या बर्लिनला मानववंशशास्त्रात डॉक्टरेट करायला गेल्या होत्या आणि त्यांचा गाइड होता ऑयगेन फिशर, ज्याच्या वंशाच्या सिद्धांतांचा पुढे नाझींनी आधार घेतला. फिशरला वाटायचं की युरोपातले गोरे लोक जास्त तर्कशुद्ध विचार करतात, तेव्हा त्यांच्या मेंदूचा पुढचा उजवा भाग मोठा असणार, तेव्हा त्यांच्या कवट्या डाव्या-उजव्या बाजूला जास्त असमान असणार, आणि इतरांच्या कमी. हे सिद्ध करायचं काम ह्या विशीतल्या भारतीय मुलीला दिलं. त्यांनी १४९ कवट्या एकेक करून मोजल्या, त्यात जर्मनीने आफ्रिकेतल्या वसाहतींमधून आणलेल्याही होत्या, आणि प्रबंधात लिहिलं की असमानता सगळ्याच कवट्यांत असते, वंशाशी तिचा काही संबंध दिसत नाही. गाइडच्या तोंडावर, त्याच्या संस्थेत, त्याच्या काळात. फिशरने डिग्री दिली पण ग्रेड कमीत कमी दिली. पुढे इरावतीबाईंनी महाराष्ट्रात येऊन जातीजमातींची शारीरिक मापं बरीच घेतली, म्हणजे मोजमापावर त्यांचा राग नव्हता. मापात जे नाही ते त्यातून काढायचं नाही, एवढा साधा हिशोब होता, आणि तो त्या वेळच्या भल्याभल्या प्रोफेसरांना जमला नाही.

बरं, बाहेरचं सोडा, आतला मेंदू मोठा असेल तर? ह्याचं उत्तर "अजिबात नाही" असं सरसकट द्यायला मला आवडलं असतं पण ते खोटं होईल. एमआरआयने मेंदूचं आकारमान मोजून बुद्धिमत्तेच्या टेस्टशी ताडलेले खूप अभ्यास एकत्र केले तर थोडासा संबंध दिसतो, आणि तो इतका थोडा की माणसामाणसांतल्या टेस्टच्या फरकापैकी साधारण सहा टक्केच त्याने समजतो, उरलेल्याची कारणं दुसरीकडे. पुरुषांचा मेंदू सरासरी दहाएक टक्के मोठा, १९ व्या शतकात त्यावरून बायकांना अक्कल कमी असं लिहून मोकळे झालेले विद्वान होते, पण बुद्ध्यांकाची सरासरी दोघांची जवळपास सारखी येते. रशियन लेखक तुर्गेनेव्हचा मेंदू मरणानंतर २ किलोच्या वर भरला आणि फ्रेंच लेखक अनातोल फ्रान्सचा १ किलोच्या जेमतेम वर, आणि तरी अनातोल फ्रान्सना पुढे नोबेल मिळालं. आइनस्टाइनचा १२३० ग्रॅम, म्हणजे सरासरीपेक्षा थोडा कमीच. १९५५ मध्ये प्रिन्स्टनला पोस्टमॉर्टेम करणाऱ्या थॉमस हार्वीने तो आधी न विचारता काढून घेतला, २४० तुकडे केले आणि बरण्यांत घालून वर्षानुवर्षं स्वतःकडे ठेवला. त्यावरून इथे ही वळी जास्त, तिथे ती पेशी जास्त असे पेपर निघाले, पण एकाच माणसाचा मेंदू घेऊन "म्हणून तो आइनस्टाइन" म्हणणं म्हणजे परत गालच.

आणि नुसत्या आकारावरच जायचं तर हत्तीचा मेंदू आपल्या तिप्पट. ब्राझीलच्या सुझाना हर्क्युलानो-हूझेल यांनी पेशी मोजायची एक भन्नाट पद्धत काढली, मेंदूचं चक्क पातळ सूप करायचं आणि त्यातली पेशींची केंद्रं मोजायची. माणसात साधारण ८६ अब्ज न्यूरॉन, म्हणजे निरोप वाहणाऱ्या पेशी, निघाले. हत्तीत २५७ अब्ज. हरलो म्हणायचं तर थांबा, हत्तीचे बहुतेक सगळे न्यूरॉन मागच्या लहान मेंदूत आहेत, वरच्या सुरकुतलेल्या थरात साडेपाच अब्जच, आणि आपल्या त्या थरात १६ अब्ज. हा वरचा थर दोन ते चार मिलिमीटर जाड, पण घड्या उलगडल्या तर दोन हजार चौरस सेंटीमीटरच्या वर भरतो, कवटीत मावावा म्हणून चुरगळून बसलेला आहे. भाषा, प्लॅनिंग, चेहरे ओळखणं, गणित ह्यातलं पुष्कळसं काम तिथे होतं. आणि हे सगळं चालवायला शरीराच्या वजनाच्या दोन टक्के असलेला हा अवयव बसल्या जागी आपल्या एकूण ऊर्जेतली सुमारे वीस टक्के खातो, तुम्ही झोपलेले असा नाहीतर जेईईचा पेपर सोडवत असा, त्यात फार मोठा फरक पडत नाही.

मग क्षमता कुठे असतात? इथे खरी माहिती मिळाली ती आजारी आणि जखमी माणसांकडून.

पॅरिसजवळच्या बिसेत्र इस्पितळात लबोर्न नावाचा एक माणूस २१ वर्षं होता. त्याला सगळं कळायचं, बोटांनी आकडे दाखवायचा, चिडायचा, पण काहीही विचारलं तरी तोंडातून एकच शब्द, "तां", सहसा दोनदा, "तां तां". सगळे त्याला तांच म्हणायचे. एप्रिल १८६१ मध्ये तो गेला आणि डॉक्टर पॉल ब्रोका यांनी त्याचा मेंदू बघितला, डावीकडे पुढच्या भागात, साधारण कानशिलाच्या आत वर, मोठी जखम. नंतर असे आणखी पेशंट सापडले आणि नुकसान बहुतेक डाव्याच बाजूला. तर बोलण्याची जागा सापडली म्हणून मोठा गाजावाजा झाला आणि त्या भागाला आजही ब्रोकाचं नाव आहे. पण ब्रोकांनी तो मेंदू कापला नव्हता, आख्खा जपून ठेवला होता, म्हणून २००७ मध्ये संशोधकांना त्याच मेंदूचा एमआरआय करता आला. आणि दिसलं की जखम खूप आतपर्यंत गेलेली होती, वेगवेगळ्या भागांना जोडणाऱ्या तंतूंचे जुडगेच्या जुडगे तुटलेले होते.

हा फरक समजला की अर्धा विषय समजला. दादरला लोकल अडकली की कल्याणपासून चर्चगेटपर्यंत सगळ्यांची पंचाईत होते, पण म्हणून लोकल दादरला तयार होत नाहीत. एखाद्या जागी बिघाड झाल्यावर एखादी क्षमता गेली याचा अर्थ ती क्षमता त्या जागेत राहत होती असा होत नाही, ती तिथून जात होती एवढंच नक्की म्हणता येतं. ऐकलेला शब्द ओळखायचा, अर्थ लावायचा, उत्तर जुळवायचं, जीभ-ओठ-श्वास हलवायचे, इतकी कामं वेगवेगळ्या ठिकाणी होतात आणि ती ठिकाणं काही शतांश सेकंदांत एकमेकांशी बोलतात, मग कुठे आपण "हो, जेवलो" म्हणतो. म्हणून पक्षाघात झालेल्या कोणाला समजतं पण बोलता येत नाही, कोणी घडाघडा बोलतो पण अर्थच लागत नाही, कोणाला बोलता येतं पण वाचता येत नाही. घरात असं कोणी असेल तर "सगळं समजतंय, मुद्दाम बोलत नाहीत" असं कृपा करून म्हणू नका.

क्षमता ही एकसंध गोष्ट नसते हे हेन्री मोलेसनच्या केसने फार सुंदर दाखवलं, सुंदर म्हणजे शास्त्रासाठी, त्याच्यासाठी नाही. २७ वर्षांचा अमेरिकन तरुण, फिट्सनी बेजार, १९५३ मध्ये सर्जनने त्याच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंचा हिप्पोकॅम्पस हा कानाच्या आतल्या बाजूला खोल असलेला भाग बराचसा काढून टाकला. फिट्स कमी झाल्या. पण तेव्हापासून २००८ मध्ये मरेपर्यंत त्याला नवीन आठवण म्हणून जवळजवळ राहिलीच नाही. ज्यांना भेटला त्यांना थोड्या वेळाने परत नव्याने भेटायचा. बुद्ध्यांक मात्र चांगला, बोलणं व्यवस्थित, जुन्या आठवणी बऱ्याच शिल्लक. ब्रेन्डा मिल्नर ह्या मानसशास्त्रज्ञ बाईंनी त्याला आरशात बघून चांदणीच्या दोन रेघांमधून पेन्सिल फिरवायला दिली, हे अवघड काम आहे, करून बघा. रोज थोडं थोडं करत दोनतीन दिवसांत तो त्यात एकदम सफाईदार झाला, आणि प्रत्येक वेळी त्याला वाटत होतं की आपण हे पहिल्यांदाच करतोय. म्हणजे हाताला लागलेलं शिक्षण आणि "मी हे शिकलो" ही आठवण, दोन्ही वेगवेगळ्या वाटांनी साठतात. सायकल, पोहणं, तबल्याचे बोल हातात बसणं हे पहिल्यातलं.

आणि फिनियस गेज, ज्याच्याशिवाय असा लेख पुरा होत नाही. १८४८, अमेरिकेत व्हर्मॉन्टमध्ये रेल्वेच्या कामावर सुरुंग ठासताना स्फोट झाला आणि ११० सेंटीमीटर लांब, सहा किलोची लोखंडी पहार गालातून शिरून डोक्यावरून बाहेर पडली. माणूस जगला, त्याच दिवशी बोलत होता. डॉक्टरने नोंदवलं की स्वभाव बदलला, शिवराळ झाला, ठरवलेलं तडीस नेईना. पुस्तकांत गोष्ट इथेच थांबवतात. पण तो पुढे चिलीला जाऊन कित्येक वर्षं घोड्यांची प्रवासी गाडी हाकत होता, आणि ज्याला ठरवलेलं काही जमत नाही त्याच्याकडून हे काम होत नाही, त्यामुळे बरंचसं सावरलं असावं असं आता अनेक अभ्यासक म्हणतात आणि मलाही तेच पटतं.

सावरणं म्हणजे काय तर उरलेला मेंदू नवीन जोडण्या करतो. काही लहान मुलांना इतक्या भयंकर फिट्स येतात की मेंदूचा एक अख्खा गोलार्ध काढावा किंवा तोडून वेगळा करावा लागतो, आणि ती मुलं चालतात, बोलतात, काही कॉलेजपर्यंत जातात. एका बाजूचा हात कमजोर राहतो, नजरेचा अर्धा भाग जातो, फुकट काही मिळत नाही, पण डावा भाग गेला तर भाषा उजवीकडे बस्तान बसवते. हेच ऑपरेशन पन्नाशीत केलं तर तसं होत नाही.

मोठेपणी मेंदू बदलतच नाही असंही नाही. लंडनच्या काळ्या टॅक्सीच्या लायसनसाठी सुमारे २५ हजार रस्ते पाठ करावे लागतात, तीनचार वर्षं जातात त्यात. एलेनॉर मॅग्वायर यांनी २००० मध्ये दाखवलं की ह्या ड्रायव्हरांच्या हिप्पोकॅम्पसचा मागचा भाग इतरांपेक्षा मोठा आहे. लोक म्हणाले मुळातच मोठा असेल म्हणून टॅक्सीत आले असतील. मग त्यांनी शिकायला सुरुवात करणाऱ्यांचेच स्कॅन घेतले आणि काही वर्षांनी परत घेतले. सुरुवातीला सगळे सारखे होते, जे पास झाले त्यांचाच भाग वाढला, जे नापास झाले किंवा मधेच सोडून गेले त्यांचा नाही. आणि ह्यातलं एक फारसं कोणी सांगत नाही, त्याच ड्रायव्हरांना एक नवीन गुंतागुंतीचं चित्र आठवून काढायला दिलं तर ते इतरांपेक्षा कमी पडले. एकीकडे वाढवलं की दुसरीकडे थोडी किंमत मोजावी लागत असावी. आणि हे मिलिमीटरचे फरक आत खोलवर, डोक्यावर हात फिरवून कोणालाही कळणार नाहीत.

आता सध्याच्या दुकानांकडे येऊ, पटपट.

"आपण मेंदूचा दहाच टक्के वापरतो" हे खोटं, स्कॅनमध्ये सगळाच मेंदू दिवसभरात कामाला लागलेला दिसतो, नव्वद टक्के रिकामा असता तर पक्षाघाताच्या एवढ्याशा गुठळीने एवढं नुकसान झालं नसतं. "डाव्या मेंदूची माणसं हिशोबी, उजव्या मेंदूची कलाकार" हेही जवळजवळ खोटं. उजव्या हाताच्या बहुतेकांची भाषा डावीकडे असते हे खरं, रॉजर स्पेरी यांना दोन गोलार्ध तोडलेल्या पेशंटवरच्या कामासाठी १९८१ मध्ये नोबेल मिळालं हेही खरं, पण तुमचे दोन गोलार्ध वीस कोटींच्या आसपास तंतूंनी जोडलेले आहेत आणि २०१३ मध्ये हजारावर लोकांचे स्कॅन तपासून बघितलं तेव्हा कोणी डाव्या मेंदूचा, कोणी उजव्या मेंदूचा असा प्रकार सापडला नाही. मिडब्रेन अॅक्टिव्हेशन, म्हणजे डोळ्यांवर पट्टी बांधून मूल रंग ओळखतं, वाचतं. खरा मध्यमेंदू डोळ्यांच्या हालचाली, बाहुलीचं लहानमोठं होणं असली कामं करतो आणि जन्मापासून चालूच असतो, तो चालू नसता तर मूल क्लासला नाही, आयसीयूत असतं. पट्टीखाली नाकाच्या दोन्ही बाजूंना फट राहते, मुलं तिथून बघतात, कागद डोळ्यांसमोर न धरता डोक्याच्या मागे धरा मग वाचून दाखवा म्हणावं. अंनिसच्या (अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या) कार्यकर्त्यांनी ह्या दाव्यांना उघड आव्हान दिलेलं आहे.

आणि डीएमआयटी, दहा बोटांचे ठसे घेऊन चाळीस-पन्नास पानी रिपोर्ट, मुलगा सायन्सला घाला की कॉमर्सला. त्यांचं लॉजिक असं की बोटांच्या रेषा आणि मेंदू दोन्ही गर्भात एकाच काळात तयार होतात म्हणून एकावरून दुसरं कळतं. त्याच काळात मूत्रपिंडंसुद्धा तयार होत असतात, त्यावरून कोणी करिअर सांगत नाही. गालने निदान मेंदूच्या जवळची जागा तरी निवडली होती.

मूल खरंच वाचण्यात, लिहिण्यात किंवा गणितात अडखळत असेल, बोलण्यात चुणचुणीत आहे पण वहीत सगळा गोंधळ, तर त्याची तपासणी करणाऱ्या खऱ्या जागा आहेत. मुंबईत सायन, नायरसारख्या महापालिकेच्या हॉस्पिटलांत लर्निंग डिसअॅबिलिटीचं क्लिनिक आहे, तिथलं सर्टिफिकेट असेल तर दहावी-बारावी बोर्डाला जादा वेळासारख्या सवलती मिळतात. तिथे आधी कान आणि डोळे तपासतात, कारण कधीकधी नुसता चष्मा लागलेला असतो. मग मुलाला वाचायला देतात, लिहायला देतात, गणितं घालतात, शाळेच्या वह्या मागतात, आईवडिलांना प्रश्न विचारतात. एका दिवसात होत नाही, फेऱ्या माराव्या लागतात, नंबर उशिरा लागतो, तेव्हा नववीच्या सुरुवातीलाच अर्ज टाका, दहावीच्या दिवाळीपर्यंत थांबू नका.